एक काना जास्त

मी मराठीची शिक्षिका आहे. हे आधीच सांगून टाकते, कारण पुढे जे घडलं त्यात सगळ्यात जास्त बोचतं ते हेच. पोरं काना विसरली की मी अर्धा गुण कापते आणि वर ऐकवते, "एका कान्याने काय बिघडतं म्हणू नका. राजा आणि रजा यांत एका कान्याचाच फरक आहे. राजा मागितला तर मुख्याध्यापक देतील का?" पोरं हसतात. इतकी वर्षं हाच विनोद करते आहे आणि इतकी वर्षं पोरं हसताहेत. आता मात्र तो विनोद तोंडाशी आला की मी घोटभर पाणी पिते आणि पुढचा धडा काढायला सांगते.

मी मूळची सांगोल्याकडची. आमच्याकडे कोंबडी शिजवायची ती आधी आळणी. हळद, मीठ, आलं-लसूण-कोथिंबिरीचं वाटण लावायचं, पातेल्यावर पाण्याचं ताट ठेवायचं आणि मंद जाळावर शिजू द्यायचं. तिखट नाही, मसाला नाही. जे पिवळं, तवंग आलेलं पाणी सुटतं ती आळणी. त्यातली वाटी-वाटी आधी लहान पोरांसाठी, बाळंतिणीसाठी, तापातून उठलेल्यासाठी काढून ठेवायची आणि मग उरलेल्यात काळं तिखट घालून रस्सा करायचा. त्याच आळणीत तांदूळ शिजवले की आळणी भात. शब्दकोशात अळणी म्हणजे बिनमिठाचं. आमच्या आळणीत मीठ असतं, फक्त तिखट नसतं. आमच्या गावात बिनमिठाच्या अर्थाने हा शब्द मी कधी ऐकलाच नाही. भाजीत मीठ विसरलं तर सरळ "मीठ न्हाय की ह्यात" म्हणायचं आणि ताट पुढे सरकवायचं, एवढीच पद्धत.

लग्नानंतर मी सोलापुरात आले. नवरा मार्केट यार्डात आडतीवर कामाला, मला पूर्वभागातल्या शाळेत नोकरी, म्हणून घरही तिकडेच घेतलं. आमच्या गल्लीत निम्म्या घरांतून मागांची खटखट यायची. आता बरेच माग बंद झालेत. घराघरात तेलुगू बोलतात, कोपऱ्यावर दखनी, आमच्या मागच्या घरात अक्कलकोटकडचं कन्नड, आणि भांडण झालं की सगळे मराठीत येतात. पहिल्याच वर्षी गल्लीने आखाडाची कोंबडी केली. रस्सा असा जहाल की पोरं पाण्याकडे पळाली. मी घरातून आळणी भाताचं पातेलं आणलं, तर ते आधी संपलं. तेव्हापासून गल्ली कशासाठीही एकत्र जेवायला बसली, आखाड असो, मंडळाचा मांडव उतरवल्यानंतरचं जेवण असो, कुणाची नोकरी लागलेली असो, भात माझा. लग्नाला बिर्याणी, पण गल्लीला आळणी भात. मला याचा अभिमान होता. अभिमान कसला, माज म्हणा. दुसऱ्या कुणी पातेल्यात डाव घातला तरी मला खपायचं नाही.

एकच गोष्ट मी स्वतः करत नसे. मीठ बघणं. आमच्याकडे शिजवणाऱ्याने मीठ बघायचं नाही, वाफेने जीभ मरते म्हणतात. कुणाला तरी बोलवायचं, त्याच्या तळहातावर डावातले चार थेंब टाकायचे आणि तो काय म्हणतो ते ऐकायचं. गल्लीत हा मान शेजारच्या नानांचा होता. नाना म्हणजे तेलुगूत वडील. त्यांची मुलगी त्यांना नाना म्हणायची म्हणून सगळी गल्लीच म्हणायला लागली. टॉवेलच्या कारखान्यात जन्म गेला, केसांत कायम कापसाची म्हातारी अडकलेली. आवाज दिला की यायचे, हात पुसायचे, तळवा पुढे करायचे. थेंब चाटून डोळे मिटायचे. मग "बरोबर" किंवा "जरा घाला, बाई". त्यांच्या "बरोबर"शिवाय पातेलं चुलीवरून उतरायचं नाही. आणि त्यांचं कधी चुकलं नाही. पाहुण्यांत कुणी मीठ मागितलंय असं मला आठवत नाही.

त्यांची मुलगी माझीच विद्यार्थिनी. हुशार, जरा हट्टी, घरात तेलुगू आणि शाळेत माझ्या हाताखाली मराठी. तिच्या मराठीतला प्रत्येक काना आणि प्रत्येक वेलांटी मी घासूनपुसून लख्ख केली आहे. आता ती पुण्याला कंप्युटरवरच्या नोकरीत आहे. बायको गेल्यापासून नाना एकटेच होते. सकाळी भाकरी-दूध, दुपारी काहीतरी उकडून, रात्री जे उरेल ते. मी मधूनमधून वाटी पाठवायचे. त्यांनी कधी मागितली नाही आणि कधी परतही केली नाही.

उन्हाळ्याच्या तोंडावर त्यांना दम लागायला लागला. दवाखान्यात नेलं, हृदय थकलंय असं निघालं. मुलगी आली, राहिली, गोळ्यांचे डबे लावून दिले आणि रजा संपल्यावर परत गेली. पुण्याला पोचल्यावर तिने मला फोन केला.

"बाई, एक विनंती आहे. नानांना संध्याकाळचा डबा द्याल का? डॉक्टरांनी अळणी सांगितलंय. अळणीच द्या हं, दुसरं काही नको."

मी शाळेच्या पोर्चमध्ये उभी होते. मागे मधल्या सुट्टीचा गोंगाट. आणि मला काय झालं सांगू? मला आनंद झाला. एवढा शिकलेला डॉक्टर, त्याने माझी आळणी सांगितली! आजाऱ्याला आळणी द्यायची हे आमच्याकडे गुराख्याच्या पोरालाही ठाऊक असतं, आज दवाखान्यालाही पटलं, असं वाटून मी फुलून गेले. "अगं, आळणी ना? ती माझीच की! तू बिनघोर राहा," मी म्हणाले. तिनेही "थँक्यू बाई" म्हणून फोन ठेवला. तिने 'अ' म्हटलं, मी 'आ' ऐकलं. वर्गात दुसऱ्या बाकावरच्या पोराने असं केलं असतं तर मी त्याला उभं केलं असतं.

त्या संध्याकाळपासून डबा सुरू झाला. आठवड्यातून दोनतीनदा कोंबडीची आळणी आणि भात, एरवी मुगाची मऊ खिचडी, दुधीचं पातळ. तिखटाचा कणही नाही. आणि तिखट नाही म्हणून, आजाऱ्याच्या तोंडाला चव यावी म्हणून, मीठ मी जरा पुढेच घालत होते. कुणी जबरदस्ती केली नव्हती, कुणी सांगितलं नव्हतं. मायेने घालत होते.

डबा मी स्वतः नेत असे. नाना ओट्यावर बसलेले असायचे. मी भात वाढायचे, वर आळणी ओतायचे, आणि समोरच्या पायरीवर बसून शाळेतल्या कागाळ्या सांगायचे. ते जेवायचे.

"मीठ बरोबर हाय का, नाना?" मी रोज विचारायचे. शाळेत मी 'आहे' म्हणते, ओट्यावर 'हाय'.

ते डोळे मिटायचे, घास फिरवायचे. "बरोबर."

"अजून वाढू का?"

"वाढा की."

माझं सुख एवढंच होतं. दिवसभर पोरांवर ओरडून आलेलं डोकं त्या "वाढा की"ने शांत व्हायचं.

आखाड लागेपर्यंत त्यांचे पाय सुजले होते. मी पाहिलं होतं. पाहिलं होतं आणि चेष्टा केली होती! "नाना, चप्पल पायात जाईना तुमच्या. माझ्या भातानं बाळसं धरलंय बघा." ते हसले. गल्लीतल्या बायकाही हसल्या. आजाऱ्याचे पाय सुजले की काय समजायचं असतं हे मला माहीत नव्हतं, असं मी स्वतःला सांगते. पण माझ्याच सासूचे पाय शेवटी सुजले होते आणि तेव्हा मी त्यावर हसले नव्हते.

आखाडाच्या रविवारी गल्लीत मांडव टाकला. मी भल्या सकाळी चूल पेटवली. आळणी उकळली तशी कुणीतरी हाळी दिली, "मीठ बघाया नानास्नी बोलवा!" नाना खुर्चीवरून उठले, हळूहळू आले, तळवा पुढे केला. थेंब चाटला. या वेळी त्यांनी डोळे मिटले नाहीत, माझ्याकडे पाहिलं. "बरोबर," म्हणाले. नंतर दोनदा भात मागून घेतला. मी आग्रह करून तिसऱ्यांदा वाढला.

दुसऱ्या दिवशी शाळेत निरोप आला की नानांना श्वास घेता येईना, दवाखान्यात नेलंय.

मुलगी संध्याकाळी पोचली. मी कॉरिडॉरमध्ये बाकावर बसले होते, पिशवीत रिकामा डबा. आत डॉक्टरांशी बोलून ती बाहेर आली आणि माझ्या शेजारी बसली. चेहरा उतरलेला, पण आवाज शांत.

"बाई, डॉक्टर विचारताहेत. जेवणात मीठ होतं का?"

"होतं की," मी म्हणाले. "तिखट न्हवतं म्हणून जरा पुढंच घालत होते."

ती माझ्याकडे बघत राहिली. मला अजूनही कळलं नव्हतं. मी तिला समजावून सांगायला लागले, आळणी कशी करतात, ताटात पाणी कसं ठेवतात. ती मध्येच म्हणाली, "बाई, अळणी म्हणजे बिनमिठाचं. तुम्हीच तर आम्हाला..." आणि तिने वाक्य सोडून दिलं.

ते अर्धं सोडलेलं वाक्य मला आजही पुरं ऐकू येतं. ती ओरडली असती तर बरं झालं असतं. मी शिव्या खाल्ल्या असत्या, रडले असते, कुठेतरी हिशेब मिटला असता. तिने फक्त माझ्या हातातली पिशवी घेतली, आपल्या पायाशी ठेवली आणि म्हणाली, "घरी जा बाई, उशीर झालाय."

नाना वाचले. अंगातलं पाणी काढलं, गोळ्या बदलल्या, घरी आले. पण मुलीचा निर्णय झाला होता. दसऱ्यापर्यंत ती इथेच राहून समोरच्या खोलीत कंप्युटर लावून काम करणार आणि मग नानांना पुण्याला नेणार. एकट्याला ठेवायचं नाही. कोणाच्या भरवशावर, हे ती बोलली नाही. बोलायची गरजही नव्हती.

पुण्याचं नाव काढलं की नाना ओट्याच्या दगडावर हात फिरवायचे. याच ओट्यावर त्यांनी बायकोबरोबर बॉबिनं भरली होती. खटखट कमी झाली तरी समोरच्या घरातला माग सुरू झाला की त्यांना आवाजावरून धागा तुटलेला कळायचा. पुण्यात चौदाव्या का पंधराव्या मजल्यावर त्यांनी काय ऐकायचं होतं? आणि हे सगळं कशामुळे, तर माझ्या डब्यामुळे. रोगाने त्यांना गल्लीतून हलवलं नसतं, मी हलवलं.

गल्लीने मात्र या प्रकाराचा विनोद करून टाकला. माणूस वाचला की गल्ली हसायला मोकळी. "बाई, जपून वाढा हो, आळणी वाढताय का अळणी?" मागच्या घरातली बाई कन्नडमिश्रित मराठीत, मिठाला उप्पु म्हणत विचारायची, "उप्पु केवढा घातलात?" आणि सगळ्या खिदळायच्या. कुणाच्या मनात वाईट नव्हतं. माझं ओझं हलकं करायलाच हसत होत्या. पण ज्याला लागलेलं असतं त्याला फुंकरही झोंबते. नवरा म्हणाला, "तू काय मुद्दाम केलंस व्हय?" मी फाडकन म्हणाले, "मुद्दाम केलं असतं तर माफी तरी मागता आली असती." त्याने भाकरी तोडली. त्या दिवसांत मी सगळ्यांवरच खेकसत होते, वर्गातल्या पोरांवर सगळ्यात जास्त. आणि घरात आळणी करणं मी बंद केलं. कोंबडी आणली की सुरुवातीपासूनच काळं तिखट.

नानांकडे जायचंही मी टाळू लागले. शाळेतून येताना मागच्या बोळातून यायचे. एकदा ते ओट्यावरून म्हणाले, "बाई, रस्ता बदलला काय तुमी?" मी रस्त्यावर चिखल आहे असं काहीतरी पुटपुटले. रस्ता कोरडा ठणठणीत होता.

दसऱ्यानंतरच्या रविवारी गल्लीने त्यांना निरोपाचं जेवण द्यायचं ठरवलं. भात कोण करणार, हा प्रश्नच कुणी विचारला नाही. मी सांगितलं, मी पातेल्याला हात लावणार नाही, बिर्याणी मागवा. बायका समजूत घालून गेल्या, मी ऐकलं नाही. शेवटी मुलगीच दारात आली.

"बाई, नाना म्हणतात तुमच्याच हातचा पाहिजे. मी त्यांच्यापुरतं वेगळं करणार होते, तर त्यालाही नाही म्हणतात."

मी तिच्याकडे न बघता म्हणाले, "बिनमिठाचा करीन. तू समोर उभी राहा."

ती खरोखरच उभी राहिली. मोठं पातेलं गल्लीचं, छोटं पातेलं नानांचं. छोट्यात मी आलं वाढवलं, कोथिंबीर वाढवली, मिरे ठेचून टाकले, लिंबू कापून ठेवलं. मिठाची बरणी उचलून मी तिच्या हातात दिली आणि म्हटलं, मोठ्या पातेल्यात तूच घाल. तिने घातलं. भात शिजल्यावर तिने छोट्या पातेल्यातला घास खाल्ला, मान हलवली आणि सामान बांधायला आत गेली.

मी वाटीभर भात घेऊन ओट्यावर गेले. कित्येक महिन्यांनी गेले. नानांचे पाय आता सुकून काठीसारखे झाले होते. पायरीवर बसून मी स्वतःलाही त्याच पातेल्यातला घेतला. त्यांनी घास घेतला, डोळे मिटले.

"चप्पिडी," म्हणाले.

"म्हणजे?"

"आमच्यात बिनमिठाला चप्पिडी म्हणतेत." दुसरा घास घेतला. "डॉक्टर बोलला तवाच पोरगी मला फोडून सांगितली. नाना, आता चप्पिडीच खायचं म्हणून."

माझा घास हातातच राहिला. मला आधी अर्थ लागेना. मग लागला.

"म्हणजे तुमाला ठाऊक होतं? पहिल्या दिवसापासनं?"

"जीभ हाय की मला."

"मग रोज बरोबर, बरोबर का म्हणत होता? मी रोज विचारत होते की!"

मी ओरडलेच असेन, कारण त्यांनी आत खोलीकडे पाहिलं आणि हाताने आवाज कमी कर अशी खूण केली.

"बरोबरच हुता. मीठ बरोबर हुता, बाई. मी चूक हुतो." त्यांनी वाटी खाली ठेवली. "पोरीची आई गेल्यावर मला कोण विचारलं न्हाय, अजून वाढू का म्हणून. तुमी विचारत होता. मीठ हाय म्हटलो असतो तर तुमी घाबरून डबा बंद केला असता."

मला वाटलं होतं की असं काही कळलं तर छातीवरचा धोंडा उतरेल. एक क्षण उतरलाही. मग मला त्यांचा भयंकर राग आला. जीव जाऊ शकला असता, आणि हा माणूस माझ्या हाताने तो घालवत बसला होता! आणि रागाच्या पाठोपाठ मला माझीच लाज वाटली. इतक्या दिवसांत मी मीठ विचारलं, अजून वाढू का विचारलं, पण डॉक्टर नेमकं काय म्हणाला हे एकदाही विचारलं नाही. मला ते ऐकायचंच नव्हतं. मला "वाढा की" ऐकायचं होतं. दोघांनाही एकमेकांकडून हवं ते मिळत होतं आणि पाय सुजत होते.

"पोरीला सांगू नका," नाना म्हणाले. "आत्ताच काय खाल्ला, काय पिला, सगळं इचारते. मी मुद्दाम खाल्लो कळलं तर मला घोटभर पाणीबी एकट्याला पिऊ देणार न्हाय."

मी काही बोलायच्या आत मुलगी बाहेर आली. हातात चिकटपट्टी, केस विस्कटलेले. आमच्या दोघांकडे पाहून ती पायरीवर टेकली. कदाचित आतून सगळी तयारी करून आली असावी, कारण तिने एका दमात बोलून टाकलं.

"बाई, मी त्या दिवसानंतर तुमच्याशी नीट बोललेच नाही. राग होता, खोटं कशाला सांगू. पण तुमच्याकडून चुकून झालं. तुम्ही मनाला लावून घेऊ नका."

नाना वाटीत बघत होते. मला एक वाक्य बोलायचं होतं फक्त, आणि माझ्या माथ्यावरचं निम्मं तरी उतरलं असतं. ते वाक्य अगदी ओठांवर आलं होतं.

"माझंच चुकलं," मी म्हणाले. "मी नीट ऐकलं नाही."

ते खोटं नव्हतं. म्हणूनच ते इतकं सहज बोलता आलं असेल. तिने माझा हात धरला आणि मग चिकटपट्टी शोधत परत आत गेली. ती हातातच होती.

दुपारी मांडवाखाली पंगत बसायची वेळ झाली. मोठ्या पातेल्याला वाफ आली. पोरं ताटं मांडत होती, सतरंजीवरून भांडत होती. आणि सवयीने कुणीतरी हाळी दिली, "मीठ बघाया नानास्नी बोलवा!"

हाळी दिली आणि सगळे गप्प झाले. ज्याने दिली तोही जीभ चावून बसला. पण नाना उठले होते. ओट्यावरून उतरून, भिंतीला धरत, ते चुलीपाशी आले. पंच्याने हात पुसला. तळवा पुढे केला.

चार थेंब. चार थेंबांनी काही झालं नसतं, हे मलाही कळत होतं. उद्या सकाळी ते जाणार होते. इतक्या वर्षांचा मान होता त्यांचा, गल्ली बघत होती, मुलगी दारात उभी होती आणि तीही नको म्हणत नव्हती. डाव माझ्या हातात होता. माझ्या चुलीपाशी हात पसरलेल्या माणसाला मी आजवर कधी रिकामं पाठवलेलं नाही.

"नाही, नाना," मी म्हणाले.

त्यांनी तळवा तसाच ठेवला. मी डाव पातेल्यात परत टाकला.

"अळणी म्हणजे अळणी," मी म्हणाले.

नाना माझ्याकडे बघत राहिले. मग त्यांच्या डोळ्यांच्या कडा आकसल्या, खांदे हलायला लागले, आणि गल्लीभर ऐकू जाईल असं म्हणाले, "आता आली बाईंना मराठी!"

गल्ली फुटल्यासारखी हसली. मुलगीही हसली, डोळे पुसत. नानांनी तळवा मिटला, पंच्यात पुसला, जणू त्यावर थेंब पडलाच होता, आणि आपल्या खुर्चीकडे वळले.

मला हसू आलं नाही. पातेलं तसंच उकळत होतं आणि मीठ तर बघायलाच हवं होतं. दुसऱ्या कुणाला बोलवायची माझी छाती झाली नाही. मी डावातले थेंब माझ्याच तळहातावर घेतले आणि चाटले. सकाळपासून वाफेत उभी होते, जिभेला काहीच लागेना. सगळे माझ्याकडे बघत थांबले होते, नानाही.

"बरोबर आहे," मी म्हणाले, आणि पातेलं उतरवलं.